कुणीतरी बघतंय…

सिनेमा म्हटला की आपल्याला गोष्ट लागते. नायक लागतो, संकट लागतं आणि शेवटी त्यातून सुटकाही लागते. जपानमधल्या काही कलावंतांनी मात्र यातलं काहीच न घेता छोटे छोटे चित्रपट केले. त्यांत असतं ते रोजचं घर.

सुझुकी शिरोयासु हे कवी. नोकरीत एनएचके या दूरचित्रवाणी संस्थेचे कॅमेरामन. १९७५ साली त्यांनी एका जुन्या १६ मिलिमीटर कॅमेऱ्यानं ‘सूर्यास्ताचा ठसा’ अशा अर्थाच्या नावाचा लघुपट केला. त्यात काय आहे? बायको, तान्हं बाळ आणि मावळता सूर्य. इतरांसाठी चित्रण करणारा हा माणूस इथे फक्त आपल्या माणसांकडे बघतो.

पण बघणं नेहमी मायेचंच असतं का? इदेमित्सु माको या कलावतीनं १९७७ मध्ये जेमतेम दहा मिनिटांचा व्हिडिओपट केला : ‘गृहिणीचा आणखी एक दिवस’. बाई नेहमीची घरकामं उरकत असते. जवळच एक टीव्ही, आणि त्याच्या पडद्यावर एकच भलामोठा डोळा! नवऱ्याचा, शेजाऱ्यापाजाऱ्यांचा की तिचा स्वतःचाच? मला तरी तो तिचाच वाटतो. १९८३ च्या ‘हिदेओ, मी आई’मध्ये तर शिकायला दूर गेलेला मुलगा टीव्हीच्या पडद्यावर असतो आणि आई त्या टीव्हीपुढे ताट वाढते. हसू येतं, आणि लगेच घशात अडकतं.

कावासे नाओमी यांना नात्यातल्या एका आजीनं वाढवलं. त्या आजीवर त्यांनी १९९४ मध्ये ‘कातात्सुमोरी’ केला. बागेत काम करणाऱ्या आजीवर नात खिडकीतूनच बोट फिरवते, मग बाहेर जाऊन तिच्या गालाला हात लावते. बस्स, एवढंच. याच कावासेंना पुढे १९९७ मध्ये ‘सुझाकु’ या पहिल्या कथापटासाठी कान महोत्सवात ‘कॅमेरा दॉर’ मिळाला.

हे चित्रपट पाहिल्यावर मी घरचे अल्बम काढून बसलो. बारसं, मुंज, लग्न, सगळं होतं. आई होती, पण प्रत्येक वेळी ठेवणीतल्या साडीत, फोटोसाठी उभी. भाकरी थापणारी, दुपारी गहू निवडणारी आई कुठेच नव्हती. तिचा सारा जन्म ज्यात गेला, तेच नेमकं कुणी टिपलं नाही.

आज घराघरात, प्रत्येकाच्या मोबाइलमध्ये कॅमेरा आहे. तो हाती घ्याल तेव्हा ‘जरा इकडे बघ, हस’ असं म्हणू नका. तिचं काम चालू असू द्या. आणि आधी थोडा वेळ तिच्याकडे नुसतं बघा.