सूर्यास्तानंतरचा स्ट्राँबोली

जिवंत ज्वालामुखी दाखवणारे गाईड पर्यटकांना संध्याकाळीच वर का नेतात? सूर्यास्त सुंदर दिसतो म्हणून, असे कोणीही पटकन सांगेल. इटलीच्या स्ट्राँबोली बेटावर २०२३ च्या सप्टेंबरात मी अशी एक सहल केली. सूर्यास्त सुंदर होता यात शंका नाही. पण तेवढ्यासाठी बेळगावच्या माणसाने इतक्या दूर जायचे कारण नाही, तो गोव्याच्या किनाऱ्यावर बसल्या जागी मिळतो. खरे कारण पदार्थविज्ञानाचे आहे. तापलेला दगड सुमारे सव्वापाचशे अंश सेल्सिअसला काळोखात मंद लाल दिसू लागतो, नऊशेच्या पुढे नारिंगी होतो आणि अकराशेच्या आसपास पिवळटपणाकडे झुकतो. विवरातून उडणारा शिलारस दिवसाही याच रंगाचा असतो. पण भर उन्हात त्याचा उजेड सूर्यप्रकाशात बुडून जातो, आणि आपल्याला दिसतो तो नुसता राखाडी धूर आणि त्यातून उडणारे काळे ठिपके. आपल्या उद्यमबागेतल्या फौंड्रीत भट्टीवर काम केलेल्या माणसाला हे समजावून सांगावे लागत नाही. लोहारसुद्धा भात्याची जागा अंधारी ठेवतो ती लोखंडाचा रंग नीट वाचता यावा म्हणून. सूर्य मावळला की डोंगराचे तापमान डोळ्यांनी वाचता येते, इतकाच या सहलीच्या वेळेचा अर्थ.

स्ट्राँबोली हे सिसिलीच्या उत्तरेकडील एओलियन द्वीपसमूहातले बेट. क्षेत्रफळ जेमतेम साडेबारा चौरस किलोमीटर, उंची ९२४ मीटर. परंतु ही उंची फसवी आहे, कारण डोंगराचा बराच मोठा भाग समुद्राखाली आहे. तळापासून मोजला तर तो सुमारे तीन हजार मीटरचा होईल. म्हणजे आपण ज्याला बेट म्हणतो ते डोंगराचे टोपरे. हजाराहून अधिक वर्षे हा डोंगर थोड्या थोड्या वेळाने धडधडत आला आहे, आणि रात्री खलाशांना त्याचा लाल उजेड दिसत असल्यामुळे त्याला ‘भूमध्य समुद्राचा दीपस्तंभ’ असे नाव पडले. ज्यूल व्हर्नच्या १८६४ सालच्या पृथ्वीच्या पोटातील सफरीच्या कादंबरीत मंडळी आइसलँडमध्ये आत शिरतात आणि बाहेर फेकली जातात ती येथेच. भा. रा. भागवतांच्या लेखणीतून व्हर्न वाचलेल्या पिढीला हे नाव अनोळखी नसावे.

मिलाझ्झोहून वेगवान बोटीने आपण बेटावर उतरतो. गावात मोटारी नाहीत. गल्ल्या इतक्या अरुंद की आपण ज्याला आपे रिक्षा म्हणतो ती तीनचाकी इथे सामान वाहते. आपे हा मूळ इटालियन शब्द, अर्थ मधमाशी, हे मला तिथेच कळले. पांढरी घरे, काळी वाळू, कुंपणाला फड्या निवडुंग. रस्त्यावर दिवे जवळजवळ नाहीत, त्यामुळे रात्री आकाश आणि विवर दोन्ही स्वच्छ दिसतात.

आमचा गट वीसेक जणांचा होता. गाईड हा तिथे परवानाधारक व्यावसायिक असतो, हौशी वाटाड्या नव्हे. निघण्यापूर्वी त्याने प्रत्येकाचे बूट पाहिले. एका तरुणाच्या पायात साधे कापडी बूट होते. त्याला त्याने वाद न घालता भाड्याचे बूट आणायला पाठवले आणि तो येईपर्यंत आम्हां सर्वांना थांबवून ठेवले. मग हेल्मेट, कपाळावर बांधायची बॅटरी, दोन बाटल्या पाणी. वाट गावाच्या उत्तर टोकाकडून वर चढते. दोन्ही बाजूंना बोरू आणि झुडुपे, पण कितीतरी उतार जळके होते. ती आग ज्वालामुखीची नव्हे. मे २०२२ मध्ये एका दूरचित्रवाणी मालिकेच्या चित्रीकरणाच्या वेळी लागलेली आग डोंगरभर पसरली, आणि झाडोरा गेल्यामुळे त्याच ऑगस्टच्या पावसात चिखलाचा लोंढा थेट गावात आला. पिढ्यानपिढ्या आगीशेजारी राहिलेल्या गावाचे हे नुकसान माणसाच्या हातून व्हावे, ही गोष्ट गाईडने सांगितली तेव्हा कोणीच बोलले नाही.

चारशे मीटरवर आम्ही थांबलो. समोर ‘श्यारा देल फुओको’ म्हणतात तो प्रचंड उतार. डोंगराची एक बाजूच पूर्वी कधी तरी कोसळून समुद्रात गेली, तिची ही घोड्याच्या नालासारखी खूण. विवरे वर, साडेसातशे मीटरच्या सुमारास. तेथून निघालेले तापलेले धोंडे या घसरगुंडीवरून थेट समुद्रात जातात. गाव वाचते ते या भूरचनेमुळे.

सूर्य मावळला. दहा मिनिटे काहीच झाले नाही. मग एक लाल कारंजे उडाले, आणि ते विझत आल्यावर आवाज पोचला. मी घड्याळात पाहिले : जवळजवळ तीन सेकंदांचे अंतर, म्हणजे विवर सुमारे एक किलोमीटर दूर. दुसऱ्या स्फोटात ठिणगी वर जाऊन खाली पडेपर्यंतचा वेळ मोजला. तो अकरा सेकंद भरला. हवेचा अडथळा सोडून दिला तर साडेपाच सेकंद वर, साडेपाच खाली. म्हणजे उंची सुमारे दीडशे मीटर आणि विवरातून सुटतानाचा वेग ताशी जवळपास दोनशे किलोमीटर. ज्यांना आपण ठिणग्या म्हणत होतो त्यांतल्या काही टोपलीएवढ्या आहेत, असे गाईडने सांगितल्यावर हेल्मेटचा पट्टा पुन्हा एकदा चाचपून पाहणारा मी एकटाच नव्हतो.

हे कारंजे उडते कसे? शिलारसात पाण्याची वाफ, कार्बन डायऑक्साइड आणि गंधकाचे वायू विरघळलेले असतात. सोड्याच्या बाटलीचे बूच काढले की दाब कमी होऊन बुडबुडे सुटतात, तसे शिलारस वर येताना हे वायू सुटे होतात. लहान बुडबुडे एकमेकांत मिसळून नळीच्या जवळजवळ पूर्ण रुंदीचा एकच मोठा फुगा बनतो. तो वर सरकतो, पृष्ठभागावर फुटतो, आणि फुटताना वरचा शिलारस चिंध्या होऊन उडतो. मग नळी शांत होते, पुढचा फुगा यायला दहा-वीस मिनिटे लागतात. या प्रकाराला जगभर ‘स्ट्राँबोलियन’ म्हणतात. आपल्या देशातला एकमेव जिवंत ज्वालामुखी, अंदमानातले बॅरन बेट, दीडशेहून अधिक वर्षांच्या शांततेनंतर १९९१ मध्ये जागे झाले. तेही बरेचदा याच पद्धतीने बोलते.

आपल्या पायाखालचा दगडही ज्वालामुखीचाच. बेळगावच्या आसपास दख्खनच्या काळवथराची दक्षिणेकडची कड येते. (गोकाकच्या धबधब्याचा कडा मात्र या कुळातला नाही, तो त्याहून कितीतरी जुना, आमच्या कन्नड विभागातल्या मित्रांनी यावरून माझ्याशी पैज लावू नये.) सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीच्या लांबच लांब भेगांतून हा लाव्हा वाहिला आणि थरावर थर बसला. स्ट्राँबोलीचा शिलारसही बेसॉल्टच्या जातीचाच. फरक पाण्याचा. स्ट्राँबोलीच्या परिसरात समुद्राचा तळ इटलीच्या दक्षिण टोकाखाली वाकून खोल बुडतो आहे. तो आपल्याबरोबर पाणी खाली नेतो, आणि तेच पाणी शिलारसात मिसळून वर येताना वाफ होते. दख्खनचा लाव्हा मुख्यतः वाहिला, हा उसळतो.

इथपर्यंतची हकीकत ऐकून स्ट्राँबोली म्हणजे घड्याळासारखा नियमित, सभ्य ज्वालामुखी, असे वाटेल. मलाही त्या अर्ध्या तासात तसेच वाटू लागले होते. स्फोट होई, लोक टाळ्या वाजवत, कॅमेरे खाली येत, पुन्हा वाट पाहणे. तेवढ्यात गाईडने खिशातून दोन दगड काढून आमच्या हातांत दिले. एक काळा, जड, स्फटिकांनी भरलेला. दुसरा सोनेरी छटेचा, स्पंजासारखा सच्छिद्र, हातात धरल्याचे जाणवू नये इतका हलका. काळा दगड रोजच्या स्फोटांचा. नळीच्या वरच्या भागात रेंगाळलेल्या शिलारसाचा. सोनेरी दगड क्वचितच सापडतो. तो सात ते दहा किलोमीटर खोलीवरून, वायूंनी ठासून भरलेला, झपाट्याने वर येतो; आणि तो येतो तेव्हा समोरचे कारंजे राहत नाही, सारे शिखरच तोफ होते.

३ जुलै २०१९ रोजी दुपारी पावणेपाचच्या सुमारास तसे झाले. राखेचा स्तंभ कित्येक किलोमीटर वर गेला, तप्त राख-वायूंचे लोट श्यारावरून उतरून समुद्राच्या पृष्ठभागावरही धावले, आणि जिनोस्त्रा गावाच्या बाजूला एक गिर्यारोहक मरण पावला. त्या काळी संध्याकाळचे गट थेट शिखरावर, विवरांच्या वरच्या कड्यावर, जाऊन बसत. त्या दिवशीचे गट अजून तिथे पोचले नव्हते. हाच स्फोट साडेतीन-पावणेचार तास उशिरा, बरोबर सूर्यास्ताला झाला असता तर काय झाले असते, याचा हिशेब कोणालाही करता येतो. २८ ऑगस्टला पुन्हा तसाच स्फोट झाला. त्या उन्हाळ्यापासून शिखर बंद झाले, आणि आम्ही गेलो तेव्हा गाईडबरोबरही चारशे मीटरची मर्यादा होती. त्याच वर्षी ९ डिसेंबरला न्यूझीलंडच्या व्हाकारी बेटावर ४७ माणसे असताना स्फोट झाला आणि २२ जण मृत्युमुखी पडले. त्यांत दोन गाईडही होते. ज्ञान असलेला माणूस बरोबर आहे एवढ्याने डोंगर आपला विचार बदलत नाही.

मग गाईडचा उपयोग काय? माझ्या मते, तो ज्वालामुखी दाखवण्यासाठी नसून कुठे थांबायचे ते ठरवण्यासाठी असतो. आमच्यातला एक गृहस्थ “अजून शंभर मीटर वर गेलो तर?” असे तीनदा विचारून गेला, कारण त्याने पूर्वीची शिखरावरची छायाचित्रे पाहिली होती. गाईडने तिन्ही वेळा तेच एक शब्दाचे उत्तर दिले.

शास्त्रज्ञांची या बाबतीतली मदत मोठी आहे, पण तिला मोजमाप आहे. फ्लॉरेन्स विद्यापीठाच्या शास्त्रज्ञांनी २०२१ मध्ये दाखवून दिले की स्फोटापूर्वी डोंगर किंचित फुगतो. जमिनीचा कल अतिशय सूक्ष्म प्रमाणात बदलतो, आणि संवेदनशील उपकरणे तो टिपतात. रोजच्या लहान स्फोटापूर्वीही असेच होते, फक्त लहान प्रमाणावर आणि थोडा वेळ. २०१९ च्या मोठ्या स्फोटांपूर्वी ही फुगवटी सुमारे दहा मिनिटे आधी सुरू झाली होती. तिच्या आधाराने आता भोंग्याची व्यवस्था आहे. म्हणजे विज्ञानाने माणसाच्या हातात दिली आहेत ती काही मिनिटे. आठवडा नाही, एक दिवसही नाही.

या मिनिटांचे काय करायचे, तेही सरळ नाही. मोठा स्फोट झाला तर विवरापासून दूर, खाली पळायचे. परंतु ३० डिसेंबर २००२ रोजी श्यारावरची दरड समुद्रात कोसळली आणि कित्येक मीटर उंचीच्या लाटा गावाच्या किनाऱ्यावर आदळल्या. हंगाम नव्हता म्हणून जीवितहानी टळली. त्यामुळे किनाऱ्यावरच्या पाट्या उलटे सांगतात : भोंगा वाजला की समुद्र सोडून वर चढा. वरून खाली या आणि खालून वर या, अशा दोन आज्ञांच्या मधे गावाच्या घरांची एक पट्टी उरते.

उतरताना बॅटरीच्या उजेडात गाईडने तीन वेळा थांबून माणसे मोजली. त्या पट्टीत, पहिल्या घरांपाशी पोचल्यावर त्याने चौथ्यांदा मोजली, मगच हेल्मेट काढायला परवानगी दिली आणि वायरलेसवर कोणाला तरी आमचा आकडा कळवला.