वरोऱ्याचा कोळसा आणि पिट्सबर्गचे पोलाद

वर्ध्याहून बल्लारशाकडे जाणारी रेल्वे हिंगणघाट, वरोरा करीत पुढे जाते. आज हा दिल्ली-चेन्नई या मोठ्या मार्गाचा भाग आहे. पण १८७० च्या दशकात वर्धा ते वरोरा हा फाटा टाकला गेला, तेव्हा त्याच्यापुढे दोनच मुख्य कामे होती. एक, हिंगणघाटचा नामांकित कापूस बाहेर काढणे आणि दुसरे, वरोऱ्याच्या सरकारी खाणीतला कोळसा वर्ध्याच्या मुख्य मार्गावर आणून सोडणे. या कोळशाने एका माणसाला एक स्वप्न दाखवले, आणि त्या स्वप्नाच्या मागे तो माणूस थेट अमेरिकेतल्या पिट्सबर्गपर्यंत गेला. वर्धा खोऱ्याचा आणि अमेरिकेच्या पोलाद उद्योगाचा संबंध जोडणारी ही हकिगत आज मला सांगायची आहे.

तो माणूस म्हणजे जमशेटजी टाटा. १८७७ मध्ये त्यांची एम्प्रेस मिल नागपुरात सुरू झाली. मुंबई सोडून गिरणी नागपुरात का? तर आजूबाजूला वर्धा-हिंगणघाटचा कापूस होता आणि बॉयलरसाठी वरोऱ्याचा कोळसा हाताशी होता. पुढे १८८२ मध्ये रिटर फॉन श्वार्ट्झ या जर्मन तज्ज्ञाचा अहवाल त्यांच्या वाचनात आला. चांदा जिल्ह्यात, म्हणजे आजच्या चंद्रपूर-गडचिरोलीत, लोहारा येथे उत्तम प्रतीचे लोहखनिज आहे आणि वरोऱ्याचा कोळसा तिथून फारसा लांब नाही, असे त्यात होते. एकीकडे लोखंडाचा डोंगर, दुसरीकडे कोळशाची खाण. कोणालाही वाटावे की आता कारखाना उभा राहायला काय हरकत आहे!

हरकत होती, आणि ती कोळशातच होती. ती नीट समजली तर पुढचा सगळा इतिहास समजतो.

खनिजात लोखंड सुटे नसते, ते प्राणवायूशी जोडलेले असते. हा प्राणवायू ओढून काढायचे काम कोळशातला कार्बन करतो. आपल्याकडचे जुने कारागीर हेच काम लाकडाच्या लोणारी कोळशावर, मातीच्या छोट्या भट्टीत, भाता मारून करीत. मोठ्या कारखान्यात मात्र उंचच उंच झोतभट्टी असते. तिच्यात वरून खनिज, चुनखडी आणि कोक यांचे थर टाकतात आणि खालून तापलेल्या हवेचा झोत सोडतात. आता विचार करा, वरच्या एवढ्या थरांचा भार खालच्या कोकला पेलायचा असतो. तो चुरला तर हवेच्या वाटा बुजतात आणि भट्टी कोंडते. म्हणून कोक टणक हवा आणि सच्छिद्रही हवा.

असा कोक प्रत्येक कोळशापासून मिळत नाही. काही कोळसा हवाबंद भट्टीत तापवला की आधी मऊ पडतो, त्यातला वायू निघून जातो आणि मागे घट्ट, जाळीदार ढेकळे उरतात. तो कोकिंग कोळसा. आमच्या वर्धा खोऱ्यातला कोळसा तापवला तर असा बांधला जात नाही. इंजिनाला चालतो, बॉयलरला चालतो, विजेला चालतो. झोतभट्टीला चालत नाही. जमशेटजींनी वरोऱ्याच्या कोळशाचे नमुने जर्मनीत तपासून घेतले. उत्तर आले की हा कोळसा या कामाचा नाही. शिवाय त्या काळचे सरकारी खाणपरवान्याचे नियम इतके जाचक होते की पुढे पाऊल टाकणे अवघड होते. योजना बाजूला ठेवावी लागली.

जमशेटजी थांबले होते त्या वीस वर्षांत अमेरिकेत काय घडत होते ते पाहू. अँड्र्यू कार्नेगीचा पिट्सबर्गजवळचा पहिला मोठा पोलाद कारखाना १८७५ मध्ये सुरू झाला. आता गंमत पहा. पिट्सबर्गच्या आसपास मोठ्या कारखान्यांना पुरेल असे लोहखनिज नव्हते. ते १८९० च्या दशकापासून येऊ लागले मिनेसोटा राज्यातल्या मेसाबी टेकड्यांतून: आधी रेल्वेने बंदरावर, मग जहाजाने मोठी सरोवरे ओलांडून, मग पुन्हा रेल्वेने. हजार किलोमीटरहून जास्त प्रवास! मग कारखाने पिट्सबर्गला का? कारण शेजारी कॉनेल्सव्हिलचा कोळसा होता, आणि कोकसाठी तो उत्कृष्ट होता. त्या काळी एक टन लोखंड काढायला टनभर किंवा त्याहून जास्त कोक लागे, आणि तेवढा कोक करायला त्याहून बराच जास्त कोळसा. तेव्हा लोखंडाचे गाव कुठे वसायचे हे खनिजापेक्षा कोळसाच अधिक ठरवीत असे. १९०० साली अमेरिकेचे पोलाद उत्पादन सुमारे एक कोटी टनांवर गेले, ब्रिटनच्या दुप्पट. १९०१ मध्ये जे. पी. मॉर्गन यांनी कार्नेगीचा कारभार विकत घेऊन यू. एस. स्टील ही कंपनी उभी केली. शंभर कोटी डॉलरहून अधिक भांडवलाची ती जगातली पहिली कंपनी.

या वैभवाची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. १८९२ मध्ये कार्नेगीच्या होमस्टेड कारखान्यात कामगार आणि मालकांनी आणलेले खासगी पहारेकरी यांच्यात गोळीबार झाला, दोन्हीकडची माणसे मेली आणि कामगारांची संघटना मोडली. पुढे कित्येक वर्षे अमेरिकन पोलाद कामगाराचा दिवस बारा तासांचा राहिला.

१८९९ मध्ये लॉर्ड कर्झन यांच्या काळात भारतातले खाणकामाचे नियम सैल झाले आणि जमशेटजींनी जुनी योजना पुन्हा बाहेर काढली. १९०२ मध्ये, वयाच्या त्रेसष्टाव्या वर्षी, ते स्वतः अमेरिकेला गेले. कोळशाच्या खाणी पाहिल्या, कोकच्या भट्ट्या पाहिल्या, पिट्सबर्गमध्ये ज्युलियन केनेडी या नामवंत अभियंत्याला भेटले. केनेडींनी सुचवले की आधी जागेची शास्त्रीय पाहणी करून घ्या, आणि त्यासाठी चार्ल्स पेज पेरिन यांचे नाव दिले. पेरिन यांनी आपले सहकारी सी. एम. वेल्ड यांना पुढे पाठवले.

१९०४ मध्ये हा अमेरिकन भूगर्भतज्ज्ञ चांद्याच्या जंगलात आला. सोबत जमशेटजींचे चिरंजीव दोराबजी आणि भाचे शापूरजी सकलातवाला होते. हेच सकलातवाला पुढे ब्रिटिश संसदेत कम्युनिस्ट खासदार म्हणून गाजले. लोहाऱ्याचे खनिज खरोखरच चांगले निघाले. पण मोठ्या कारखान्याला जे जे लागते ते सारे तिथे एकत्र जमेना, आणि कोकिंग कोळशाचा प्रश्न होता तिथेच राहिला. त्याच वर्षी मे महिन्यात जर्मनीत जमशेटजींचे निधन झाले.

चांद्याचा नाद सोडतो आहोत हे सरकारला कळवायला दोराबजी नागपूरच्या सचिवालयात गेले. अधिकाऱ्याची वाट पाहता पाहता ते समोरच्या संग्रहालयात शिरले. तिथल्या भूगर्भीय नकाशात दुर्ग जिल्ह्याचा काही भाग लोहखनिजाच्या रंगात रंगवलेला होता. वेल्ड आणि दोराबजी तिकडे धावले. दल्ली-राजहरा येथे त्यांना टेकडीच्या टेकडी लोखंडाची सापडली; चालताना पायाखाली धातूचा आवाज यावा अशी! पण इथेही कोक लांबच होता. या टेकड्यांचे सोने झाले ते पुढे भिलाईमध्ये, १९५९ मध्ये, रशियन मदतीने.

टाटांचा प्रश्न सुटला तो प्रमथनाथ बोस या बंगाली भूगर्भशास्त्रज्ञाच्या पत्राने. मयूरभंज संस्थानात लोहखनिज आहे, असे त्यांनी कळवले होते. तिथून झरियाचा कोकिंग कोळसा आवाक्यात होता. अशा रीतीने कारखाना गेला सुवर्णरेखा आणि खरकाई या नद्यांच्या संगमाजवळ, साकची या खेड्यात. त्याचेच पुढे जमशेदपूर झाले. लंडनच्या बाजारात भांडवल मिळेना, तेव्हा १९०७ मध्ये भारतातच भाग विक्रीला काढले आणि अवघ्या तीन आठवड्यांत सुमारे आठ हजार भारतीयांनी ते उचलले. डिसेंबर १९११ मध्ये पहिले लोखंड वाहिले आणि फेब्रुवारी १९१२ मध्ये पहिले पोलाद निघाले. कारखान्याचे जनरल मॅनेजर दीर्घकाळ अमेरिकनच होते. पहिले भारतीय जनरल मॅनेजर जहांगीर गांधी १९३८ मध्ये आले. एक गोष्ट मात्र अमेरिकेच्या पुढे होती. जमशेदपूरला १९१२ मध्येच आठ तासांचा दिवस सुरू झाला, यू. एस. स्टीलने बारा तास सोडले ते १९२३ मध्ये.

आणि आमचा वरोरा? ती सरकारी खाण १९०६ मध्ये बंदच झाली. वर्धा खोऱ्यातला बाकी कोळसा इंजिने, गिरण्या आणि नंतर वीजकेंद्रे चालवीत राहिला. पोलादाच्या नकाशावर आमचे नाव आले नाही.

ते आले जवळजवळ शंभर वर्षांनी, कारण मधल्या काळात तंत्र बदलले. स्पंज आयर्नच्या पद्धतीत खनिज आणि साधा, न बांधला जाणारा कोळसा फिरत्या नळकांड्यात तापवतात. लोखंड वितळत नाही, फक्त त्यातला प्राणवायू निघून जातो आणि स्पंजासारखे सच्छिद्र तुकडे उरतात. ते भंगारासोबत विजेच्या भट्टीत वितळवले की पोलाद तयार. अमेरिकेतही न्यूकॉरसारख्या कंपन्यांनी १९६९ पासून भंगार आणि विजेवर चालणाऱ्या छोट्या कारखान्यांनी पिट्सबर्गच्या बड्या कंपन्यांना घाम फोडला. नव्या तंत्राने आपल्याकडे चंद्रपूरजवळ घुग्घूसला स्पंज आयर्न निघू लागले, आणि १९९० च्या दशकात वर्ध्याला लागून असलेल्या भुगावला लॉइड्सचा पोलाद कारखाना उभा राहिला. पुढे त्या आवारात झोतभट्टीही आली. जमशेटजींना जे जमले नाही ते वर्ध्यात झाले.

पण कारखाना आला म्हणजे गोष्ट संपत नाही. ओहायो राज्यातल्या यंग्सटाऊनचे उदाहरण घ्या. सारे गाव पोलादावर जगत होते. १९ सप्टेंबर १९७७ या सोमवारी तिथला एक मोठा कारखाना बंद करत असल्याचे जाहीर झाले आणि सुमारे पाच हजार माणसांचे काम गेले. तिथले लोक आजही त्याला 'काळा सोमवार' म्हणतात. परदेशी स्वस्त माल, जुनी यंत्रे आणि वेळेवर न केलेली गुंतवणूक, ही त्याची कारणे. मॉर्गन यांची यू. एस. स्टीलसुद्धा जून २०२५ मध्ये जपानच्या निप्पॉन स्टीलच्या ताब्यात गेली. आमच्या भुगावच्या कारखान्यानेही हे हेलकावे पाहिले. २०१२ च्या सुमारास तो उत्तम गटाकडे गेला, २०१८ मध्ये दिवाळखोरी कायद्याखाली आला आणि २०२० मध्ये नव्या गुंतवणूकदारांच्या हाती गेला. आज तो एव्होनिथ या नावाने चालतो. दारावरची पाटी बदलते तेव्हा आतल्या माणसाच्या घरी काय चालते, हे वर्धेकरांना वेगळे सांगायला नको.

आता पुन्हा विदर्भात पोलादाचे वारे आहे. गडचिरोलीत सुरजागडचे खनिज २०२१ पासून नियमित निघू लागले आहे, कोनसरीला कारखाना उभा राहिला आहे. आपल्या जमिनीत किती टन खनिज आहे याचे आकडे आपण उत्साहाने वाचतो. शंभर वर्षांपूर्वी लोहाऱ्याचे आकडेही असेच वाचले गेले होते. माझे म्हणणे इतकेच आहे की खनिजाच्या आकड्यासोबत आणखी चार प्रश्न विचारावेत. कोणत्या कोळशावर, आणि तो कुठून येणार? आपला देश आजही कोकिंग कोळसा मोठ्या प्रमाणावर बाहेरून आणतो, हे विसरता येत नाही. पाणी कोणत्या नदीचे, आणि तिच्या काठच्या शेताला किती उरणार? धूळ कोणाच्या कापसावर बसणार? आणि बाजार पडला तर पहिला फटका कोणी सोसायचा? हे प्रश्न विकासाच्या आड येणारे नाहीत. वेल्डसारखा माणूस जंगलात तंबू ठोकून महिनोन्‌महिने असलेच प्रश्न विचारत होता. नाही म्हणण्याची तयारी ठेवून त्याने ते विचारले, म्हणूनच टाटांचा पैसा आणि पुढे त्या आठ हजार लोकांची पुंजी चुकीच्या जागी बुडाली नाही.