लिमरिक: शहर आणि जिल्हा, कारभार एकच

आयर्लंडमधल्या लिमरिकला नुकतंच राहायला आलेल्या एका मराठी मैत्रिणीने विचारलं, "इथे महापालिका वेगळी आणि जिल्हा परिषद वेगळी का?" माझा आवडता विषय, म्हणून सविस्तर लिहितेय.

पूर्वी वेगळ्या होत्या. जून २०१४ मध्ये दोन्ही विलीन होऊन एकच परिषद झाली. वॉटरफर्डमध्येही तसंच झालं.

आता ४० नगरसेवक आहेत. त्यांतले २१ शहर भागाचे, उरलेले १९ न्यूकॅसल वेस्टसारख्या ग्रामीण विभागांचे. अर्थसंकल्प आणि विकास आराखडा पूर्ण सभागृहात मंजूर होतो. स्थानिक कामं त्या-त्या विभागाच्या बैठकीत ठरतात.

परिषदेकडे घरं, रस्ते, बांधकाम परवाने, वाचनालयं, अग्निशमन. पाणीपुरवठा मात्र 'इश्के एरन' या राष्ट्रीय कंपनीकडे आणि पोलीस केंद्र सरकारच्या अखत्यारीत. त्यामुळे नळाला पाणी नसेल तर परिषदेत खेटे घालू नका.

लिमरिकचं वेगळेपण म्हणजे महापौर. महापौर थेट लोकांनी निवडावा का, यावरच्या २०१९ च्या सार्वमतात कॉर्क आणि वॉटरफर्डने नाही म्हटलं, लिमरिकने होकार दिला. जून २०२४ मध्ये जॉन मोरन हे आयर्लंडचे पहिले थेट निवडून आलेले महापौर झाले. अर्थसंकल्पाचा मसुदा तेच मांडतात.

आणि सगळ्यात महत्त्वाचं: स्थानिक निवडणुकीत मतदानासाठी आयरिश नागरिकत्व लागत नाही. इथे राहत असाल आणि वय १८ पूर्ण असेल तर मतदार यादीत नाव नक्की घाला!

आणखी काही विचारायचं असेल तर बिनधास्त विचारा.