उत्तर कशात येणार?

‘गुणायचं की भागायचं?’ शाब्दिक उदाहरण समोर आलं की मुलं हमखास विचारतात. पाढे पाठ असतात, भागाकारही येतो. पण उदाहरणात विचारलंय काय, तेच उमगत नाही. आणि आपण मुलाला गणितात कच्चा ठरवून मोकळे होतो.

वर्ध्याजवळच्या नालवाडीत विनोबा भावे १९३२ पासून काही वर्षं राहिले. सूत कातून त्या मजुरीवर जगण्याचा प्रयोग त्यांनी तिथं केला. पुढं ऑक्टोबर १९३७ मध्ये वर्ध्यात गांधीजींच्या अध्यक्षतेखाली शिक्षण परिषद भरली. तिच्यातून आलेल्या नई तालीममध्ये मुलांनी सूत कातता कातताच हिशेब शिकावा, अशी कल्पना होती. सुताच्या एका गुंडीत ६४० तार. आपणही ही गुंडीच घेऊ.

समजा, ६४० तार पाच मुलांनी सारखे वाटून कातायचे आहेत. प्रत्येकाच्या वाट्याला किती? वाटेकरी माहीत आहेत, वाटा काढायचा आहे. ६४० भागिले ५, म्हणजे १२८ तार. आता दुसरं उदाहरण. प्रत्येक मूल १६० तार कातणार, तर एका गुंडीला किती मुलं लागतील? इथं वाटा माहीत आहे, वाटेकरी काढायचे आहेत. ६४० भागिले १६०, म्हणजे ४ मुलं. दोन्हीकडं भागाकारच, पण एक उत्तर तारांत आलं, दुसरं मुलांत.

‘प्रत्येकी’ शब्द दिसला की भागायचं, अशी युक्ती काही मुलं धरून ठेवतात. पण ‘पाच मुलांना प्रत्येकी ६ संत्री दिली, तर एकूण किती?’ इथं गुणावंच लागतं. म्हणून पेन्सिल उचलण्याआधी मुलाला एवढंच विचारावं, ‘उत्तर कशात येणार?’

बाकी उरली, तर पुन्हा प्रसंग पाहावा. २५ संत्री चौघांत वाटली, तर प्रत्येकी ६ आणि १ उरतं. ते सोलून फोडी वाटता येतात. गोटी असेल तर बाजूला ठेवावी लागते. एका पिशवीत ६ संत्री मावत असतील, तर मात्र २५ संत्र्यांना पिशव्या ४ नव्हे, ५ लागतात.

शेवटी ताळा करावा : ६ चोक २४, अधिक बाकी १, झाले २५.

आज घरात खाऊ आला, तर तो मुलालाच वाटू द्या. कुणाला किती आलं आणि उरलेल्याचं काय केलं, हे मात्र त्याच्याच तोंडून ऐका.