बंड केलं क्रांतीसाठी, जगाने वाचलं फितुरी म्हणून! ‘हंट फॉर रेड ऑक्टोबर’मागची खरी गोष्ट

शॉन कॉनेरीचा ‘द हंट फॉर रेड ऑक्टोबर’ पाहिलाय? सोव्हिएत पाणबुडीचा कॅप्टन अख्खी पाणबुडी घेऊन अमेरिकेकडे पळतो, ती स्टोरी. १९९० चा हा सिनेमा टॉम क्लॅन्सीच्या १९८४ च्या कादंबरीवर बेतलेला. त्या कादंबरीची ठिणगी मात्र एका खऱ्या बंडातून पडली होती. फरक एवढाच, की खऱ्या बंडात पाणबुडी नव्हती, अमेरिका नव्हती आणि पळून जायचा विचारही नव्हता.

तारीख ८ नोव्हेंबर १९७५. जागा सोव्हिएत लॅटव्हियातलं रिगा बंदर. ऑक्टोबर क्रांतीचा वर्धापन दिन आदल्याच दिवशी साजरा झालेला, नदीत युद्धनौका नांगर टाकून उभ्या. त्यातली एक ‘स्तोरोझेवॉय’, म्हणजे पहारेकरी. नाटो या प्रकारच्या जहाजांना क्रिवाक म्हणायचं. आपल्या नौदलाच्या ‘आयएनएस तलवार’ वर्गातल्या युद्धनौका याच क्रिवाक कुळातल्या, पुढच्या पिढीच्या.

या जहाजावरचा राजकीय अधिकारी होता ३६ वर्षांचा व्हॅलेरी साब्लिन. खलाशांची पक्षनिष्ठा टिकवणं, त्यांना लेनिन शिकवणं हेच त्याचं काम. गंमत म्हणजे लेनिन त्याने जरा जास्तच मनावर घेतला होता! ब्रेझनेव्हच्या काळातले पुढारी भ्रष्ट झालेत, त्यांनी क्रांतीचा विश्वासघात केलाय, असं त्याचं ठाम मत झालं होतं.

त्या संध्याकाळी त्याने कॅप्टन पोतुल्नी यांना काहीतरी कारण काढून खालच्या डेकवर नेलं आणि कोंडून घातलं. खलाशांना सिनेमा लावून दिला, ‘बॅटलशिप पोटेम्किन’. १९०५ मध्ये झारच्या नौदलात झालेल्या बंडावरचा! मग अधिकाऱ्यांना गोळा करून त्याने आपला बेत सांगितला. काही जण तयार झाले. जे नाही झाले, त्यांनाही कोंडलं.

बेत काय होता? जहाज लेनिनग्राडला न्यायचं, जिथे १९१७ च्या क्रांतीतली ‘अरोरा’ युद्धनौका आजही उभी आहे. तिथून रेडिओवर देशातल्या जनतेला हाक द्यायची. पण एक अधिकारी निसटून शेजारच्या पाणबुडीवर पोहोचला आणि त्याने खबर दिली. त्यामुळे साब्लिनला मध्यरात्रीनंतर घाईत निघावं लागलं.

मग मॉस्कोला फितुरी का वाटली?

इथे नकाशा उघडून बघा. रिगा हे एका आखातात आत वसलेलं शहर. मोठ्या जहाजाला बाहेर पडायचं तर आधी पश्चिमेला जावं लागतं, मगच उत्तरेकडून वळसा घालून लेनिनग्राडकडे. आणि त्या पश्चिमेला समोरच आहे स्वीडनचं गॉटलंड बेट. म्हणजे लेनिनग्राडला निघालेलं जहाज आणि स्वीडनला पळणारं जहाज, सुरुवातीला दोन्हींची वाट एकच! त्यात साब्लिनने जनतेसाठी दिलेला संदेश रेडिओवरच्या खलाशाने सांकेतिक भाषेत पाठवला. तो गेला फक्त नौदलाकडे. जनतेला काहीच ऐकू आलं नाही.

९ नोव्हेंबरच्या सकाळी विमानांनी बॉम्ब टाकले आणि जहाज जागीच थांबलं. काही खलाशांनी कॅप्टनला सोडवलं. त्याने वर येऊन साब्लिनच्या पायात गोळी घातली आणि जहाज ताब्यात घेतलं. चौकशी केजीबीने केली. ३ ऑगस्ट १९७६ ला देशद्रोहाच्या आरोपाखाली साब्लिनला गोळ्या घालण्यात आल्या. त्याला साथ देणाऱ्या शेइन या तरुण खलाशाला ८ वर्षांची शिक्षा झाली.

सोव्हिएत सरकारने प्रकरण दाबलं. पण स्वीडनच्या रेडिओ केंद्रांनी त्या सकाळचे आवाज पकडले होते. ग्रेगरी यंग नावाच्या अमेरिकन नौदल अधिकाऱ्याने हाती लागेल तेवढ्या माहितीवर १९८२ मध्ये याच विषयावर प्रबंध लिहिला. तो वाचनात आला विमा एजंट असलेल्या क्लॅन्सीच्या. त्याची कादंबरी नेव्हल इन्स्टिट्यूट प्रेसने काढली. एरवी नौदलाची गंभीर पुस्तकं छापणारी ही संस्था, तिची ही पहिलीच नवी कादंबरी. राष्ट्राध्यक्ष रेगन यांनी कौतुक केलं आणि पुस्तक तुफान खपलं. कादंबरीकार स्वातंत्र्य घेणारच, त्यात वावगं काही नाही. पण ज्या माणसाने भर समुद्रात ‘आम्ही पळत नाही आहोत’ हेच पटवायचा प्रयत्न केला, त्याची जगभर ओळख झाली ती पळणाऱ्या कॅप्टनच्या गोष्टीतून.

सोव्हिएत संघ कोसळल्यावर कागदपत्रं बाहेर आली. यंग पुन्हा विषयाकडे वळला आणि २००५ मध्ये नेट ब्रेडनसोबत त्याने ‘द लास्ट सेंट्री’ हे पुस्तक लिहिलं. साब्लिन खरोखर काय म्हणत होता हे समजून घ्यायचं तर हेच आधी वाचावं. २००८ मध्ये ‘म्युटिनी’ आलं. त्याचा एक लेखक बोरिस गिंदिन, त्या रात्री जहाजावर कोंडला गेलेला इंजिनिअर. त्याच्या नजरेतून साब्लिन हिरो वगैरे अजिबात नाही. स्वतःच्या स्वप्नासाठी जहाजावरच्या सगळ्यांचा जीव पणाला लावणारा माणूस आहे. तेही खोटं नाही.

रशियाच्या सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये हा खटला पुन्हा तपासला. देशद्रोहाचा आरोप काढून टाकला, लष्करी गुन्हे मात्र कायम ठेवले आणि साब्लिनची शिक्षा १० वर्षांच्या तुरुंगवासावर आणली. तोपर्यंत त्याला गोळ्या घालून १८ वर्षं झाली होती.