भट्टीवरून परतलेले मूल आणि बाकीचा वर्ग

आपल्याला आवडते तेच समोरच्याला आवडेल असे नाही, ही समज मुलाला साधारण दीड वर्षाच्या वयात येऊ लागते. बेट्टी रेपाचोली आणि अ‍ॅलिसन गॉपनिक यांनी १९९७ मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगात एका मोठ्या माणसाने मुलांदेखत बिस्किटे खाऊन तोंड वाकडे केले आणि कच्ची ब्रोकोली मात्र मिटक्या मारत खाल्ली. मग हात पुढे करून त्याने खाऊ मागितला. चौदा महिन्यांच्या मुलांनी स्वतःला आवडणारी बिस्किटेच त्याच्या हातावर ठेवली. अठरा महिन्यांच्या मुलांनी, स्वतःला नकोशी वाटणारी ब्रोकोली उचलून दिली. चौथ्या-पाचव्या वर्षी आणखी एक गोष्ट उमगते: आपल्याला जे माहीत आहे ते दुसऱ्याला माहीत नसेल, आणि तो स्वतःच्या समजुतीप्रमाणेच वागेल. भातुकली रंगते तीही याच सुमारास. घटकाभर आई होणारी, मग पाहुणा होणारी, मग भाजीवाली होणारी मुलगी दुसऱ्याच्या जागी उभे राहण्याचा सराव करत असते, आणि तो तिला कोणी शिकवलेला नसतो.

यापुढची समज मात्र आपोआप येत नाही. समानुभूतीच्या विकासाचा दीर्घकाळ अभ्यास करणारे अमेरिकी मानसशास्त्रज्ञ मार्टिन हॉफमन यांच्या मांडणीनुसार, मोठ्या होत चाललेल्या मुलाला समोरच्याच्या आत्ताच्या दुःखापलीकडे त्याची एकूण परिस्थितीही दिसू लागते. आज डबा सांडला म्हणून रडणारा मित्र आणि रोजच डब्याची भ्रांत असलेला मित्र यांच्यातला फरक तेव्हा कळतो. पण तो कळण्यासाठी दुसऱ्याच्या आयुष्याची माहिती हाताशी लागते. माहिती नसेल तर कल्पना स्वतःच्याच घरातले सामान घेऊन दुसऱ्याचे घर मांडते. म्हणून या टप्प्यावर शाळेचे काम सुरू होते.

ठाणे जिल्ह्यातील शहापूर आणि मुरबाड या तालुक्यांत हे काम जितके निकडीचे आहे तितकेच ते जवळचेही आहे, कारण इथे दुसरे जग दाखवण्यासाठी मुलांना लांब न्यावे लागत नाही. ते शेजारच्या बाकावर बसलेले असते. एखाद्या गावच्या शाळेत कुणाचे वडील आसनगावहून लोकल पकडून ठाण्याला कामाला जातात, कुणाच्या घरी भाताची शेती आणि दुभती जनावरे असतात, कुणी डोंगराकडेच्या पाड्यावरून चालत येते. कुणबी, आगरी, महादेव कोळी, ठाकूर, वारली आणि कातकरी घरांतली मुले एकाच हजेरीपटावर असतात. काहींची घरची बोली पुस्तकातल्या मराठीपेक्षा इतकी वेगळी असते की पहिलीत ती गप्प बसतात आणि ‘याला काही येत नाही’ असा शिक्का त्यांच्यावर बसतो. महाराष्ट्रातील ज्या तीन जमातींची केंद्र सरकारने विशेष असुरक्षित म्हणून नोंद केली आहे, त्यांत कोलाम आणि माडिया गोंड यांच्यासोबत कातकरी आहेत.

कातकरी मुलाचे शालेय वर्ष अनेकदा दिवाळीपाशी तुटते. भाताची कापणी-झोडणी उरकली की गावात मजुरी राहत नाही. पावसाळ्यात अडीनडीला घेतलेली उचल फेडायची असते. मग भांडीकुंडी, अंथरूण, कोंबड्या आणि लहान मुले टेम्पोत घालून कुटुंबे भिवंडी, कल्याण, वसईकडच्या वीटभट्ट्यांवर जातात. तिथे भट्टीच्या कडेला उभारलेले तात्पुरते खोपटे म्हणजे भोंगा. ऊन चढण्याआधी माती कालवणे आणि विटा पाडणे उरकायचे, म्हणून काम पहाटेच्या अंधारात सुरू होते. हिशेब हजार विटांवर होतो. नवरा-बायको कामात असतात तेव्हा सात-आठ वर्षांची मुलगी धाकट्याला सांभाळते, ओल्या विटा वाळाव्यात म्हणून त्या उलटते, पाणी आणते. पावसाळा तोंडावर आला की कुटुंब परतते. जूनमध्ये शाळेत आलेल्या या मुलीच्या नावापुढे कित्येक महिन्यांची गैरहजेरी असते, आणि तिच्या जागेवर दुसरे कोणीतरी बसलेले असते.

या मुलांचे शिक्षण तुटू नये म्हणून प्रयत्न झाले आहेत. विवेक आणि विद्युल्लता पंडित यांच्या विधायक संसद या संस्थेने १९९० च्या दशकात ठाणे जिल्ह्यातल्या वीटभट्ट्यांवरच ‘भोंगा शाळा’ चालवल्या. मुलांना गावात ठेवून घेणारी हंगामी वसतिगृहे आणि स्थलांतरित मुलाला दुसऱ्या गावच्या शाळेत सामावून घेण्यासाठीचे शिक्षण हमी कार्ड या सरकारी तरतुदीही आहेत. त्यांचा रोख, रास्तपणेच, जाणाऱ्या मुलाकडे आहे. मागे राहिलेल्या वर्गासाठी मात्र काहीच नाही. परत आलेल्या मुलीला बाजूला बसू द्यायचे की नाही, तिच्या कपड्यांना चिकटलेल्या मातीवरून हसायचे की नाही, हे तो वर्ग ठरवतो. महाराष्ट्रातील मूल्यशिक्षणाच्या यादीत संवेदनशीलता आहे, आणि जागतिक आरोग्य संघटनेच्या दहा जीवनकौशल्यांत समानुभूती आहे. पण परिपाठात मूल्यांची नावे म्हणून झाली म्हणजे ती अंगी आली असे होत नाही. ती अंगी आणण्याची खरी जागा हे जूनमधले पहिले दोन आठवडे आहेत.

अशा वेळी वर्गात हमखास विचारला जाणारा प्रश्न म्हणजे, ‘तू तिच्या जागी असतास तर तुला कसे वाटले असते?’ हेतू चांगला असला तरी या प्रश्नात एक अडचण आहे. डॅनियल बॅट्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९७ मध्ये दाखवून दिले की स्वतःला दुसऱ्याच्या जागी कल्पिणे आणि त्या दुसऱ्याला काय वाटत असेल याची कल्पना करणे या वेगवेगळ्या क्रिया आहेत. दोन्हींतून कणव जागी होते. पण स्वतःला तिथे ठेवले की कणवेबरोबर स्वतःची घालमेलही वाढते, आणि घालमेल झालेला माणूस अनेकदा ती थांबवायची वाट शोधतो. पक्क्या घरातला मुलगा भोंग्यात स्वतःला पाहतो, घाबरतो आणि ‘बिच्चारी’ म्हणून मोकळा होतो. कीव करणाऱ्याला पुढे काही विचारण्याची गरज वाटत नाही.

त्याऐवजी ‘तिला काय वाटत असेल, आणि कशामुळे?’ असे विचारले की मुलांना तपशील शोधावा लागतो. मार्चमधल्या अवकाळी पावसाचे उदाहरण यासाठी फार उपयोगी पडते. गावातल्या मुलांना तो पाऊस म्हणजे भिजायचे निमित्त. ज्याच्या घरी आंब्याची झाडे आहेत त्याला मोहोर गळेल याची धास्ती. भट्टीवरच्या मुलीला तोच पाऊस म्हणजे वाळत घातलेल्या कच्च्या विटांचा चिखल, म्हणजे आईवडिलांनी अंधारात उठून केलेले काम वाया, म्हणजे फिटत आलेली उचल पुन्हा वाढणार. एकाच सरीकडे तीन घरांतून पाहायला लावणारा हा अर्ध्या तासाचा पाठ आहे, आणि त्याला फळा-खडूपलीकडे काही लागत नाही.

अशा पाठात दुसऱ्याचे फक्त दुःखच मांडले तर तो अर्धाच शिकवला जातो. भट्टीवर राहिलेल्या मुलीला हजारांत मोजता येते. मातीत पाणी किती हवे हे तिला हाताने कळते. रानातले कंद, ओढ्यातले खेकडे, मासे कुठे आणि केव्हा सापडतात हे कातकरी मुलांना ज्या बारकाईने ठाऊक असते तितके ते शिक्षकालाही नसते. गणिताच्या तासाला विटांच्या थराचा हिशेब तिने फळ्यावर करून दाखवला, तर वर्गाला तिच्या आयुष्यात अडचणींखेरीज आणखीही काही दिसते. दुसऱ्याला पुरता माणूस म्हणून पाहणे यातच येते, आणि घाईत नेमके हेच राहून जाते.

कल्पना कितीही मनापासून केली तरी ती चुकू शकते. ताल इयाल, मेरी स्टेफेल आणि निकोलस एप्ली यांनी २०१८ मध्ये पंचवीस प्रयोगांच्या आधारे हे मांडले. दुसऱ्याच्या जागी जाऊन विचार करा असे सांगितल्याने लोकांचे अंदाज अधिक बरोबर आले नाहीत. त्या माणसाशी बोलून त्याचे म्हणणे जाणून घेतले तेव्हा मात्र ते सुधारले. वर्गासाठी याचा अर्थ असा की मुलांनी केलेली कल्पना हे उत्तर मानू नये, तो प्रश्न मानावा. आधी अंदाज वहीत लिहायचा, मग विचारायचे, मग कुठे चुकले ते पाहायचे. ‘भट्टीवर तिला घरची आठवण येत असेल’ असा अंदाज सगळा वर्ग करील. तिच्याकडून कदाचित असे कळेल की मावशी-मामाची सगळी मुले तिथे एकत्र होती, संध्याकाळी मजा यायची, आणि खरे वाईट वाटले ते परत आल्यावर बाकावर जागा उरली नव्हती तेव्हा. असे उत्तर ऐकणाऱ्या मुलाला आपल्या कल्पनेची मर्यादा जितकी नीट कळते तितकी ती कोणत्याही उपदेशाने कळत नाही. शिवाय या उत्तरात वर्गाला लगेच करता येण्याजोगी एक गोष्टही असते: जागा देणे.

भूमिका खरोखरच उलटल्या की काय होते, याचे उदाहरण मुरबाड तालुक्यातच आहे. फांगणे या गावात ८ मार्च २०१६ रोजी आजीबाईंची शाळा सुरू झाली. जिल्हा परिषदेचे शिक्षक योगेंद्र बांगर यांच्या पुढाकाराने आणि मोतीराम दलाल चॅरिटेबल ट्रस्टच्या मदतीने सुरू झालेल्या या शाळेत साठी ते नव्वदीतल्या आज्या गुलाबी नऊवारी नेसून, पाटी-दप्तर घेऊन दुपारी शिकायला बसू लागल्या. आयुष्यभर अंगठा उठवलेल्या हातांनी सही गिरवली. ही शाळा प्रौढांच्या साक्षरतेसाठी होती. मुलांना समानुभूती शिकवणे हा तिचा उद्देश नव्हता. तरी तिच्यामुळे घराघरांत नातवंडे आजीचा गृहपाठ घेऊ लागली. आजीला अक्षर दिसत का नाही, काल गिरवलेले आज का आठवत नाही, चुकल्यावर ती पाटी का झाकते, हे नातवाला तिच्याजवळ बसून पाहावे लागते. त्याच्या स्वतःच्या पहिलीतल्या चुका अजून ताज्या असतात. शिकणाऱ्याची लाज काय असते ते त्याला माहीत असते, पण आता ती त्याला दुसऱ्याच्या चेहऱ्यावर दिसते. कोणताही कृत्रिम खेळ रचून इतका चांगला धडा तयार करता येणार नाही.

कॅनडातल्या टोरांटो शहरात मेरी गॉर्डन यांनी १९९६ मध्ये ‘रूट्स ऑफ एम्पथी’ हा उपक्रम सुरू केला. त्यात एक तान्हे बाळ वर्षभर ठरावीक दिवशी वर्गात येते आणि ते का रडते, त्याला काय हवे आहे, याचा अंदाज मुले करतात. पाड्यावरच्या शाळांत धाकट्या भावंडाला कडेवर घेऊन येणाऱ्या मुली नव्या नाहीत. त्यांच्या कडेवरचे बाळ अभ्यासातला अडथळा मानले जाते. तेच बाळ वर्गाच्या मध्ये सतरंजीवर ठेवले तर गॉर्डन यांचा पाठ इथे आपसूक होईल, आणि त्या दिवशी बाळाचे रडणे ओळखण्यात सर्वांत हुशार ठरेल ती नेहमी मागे बसणारी थोरली बहीण.

मुलाच्या जागी जाऊन विचार करण्याची अपेक्षा मुलांच्या आधी शिक्षणव्यवस्थेकडून करायला हवी. याची वाट जुन्या ठाणे जिल्ह्यानेच दाखवली आहे. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी १९४५ मध्ये बोर्डीला ग्राम बाल शिक्षा केंद्र सुरू केले आणि १९५७ मध्ये ते काम कोसबाडला नेले. वारली मुले शाळेत येत नाहीत याचे कारण त्यांनी आळसात शोधले नाही. ती गुरे चारायला जातात, म्हणून शाळाच कुरणात नेली. कुरणशाळा हा अध्यापनाचा प्रयोग म्हणून सांगितला जातो, पण त्याच्या मुळाशी गुराख्याच्या दिवसाकडे गुराख्याच्या बाजूने पाहणे होते.

गोष्ट आणि नाटक ही या शिक्षणाची सर्वांत जुनी साधने. साने गुरुजींनी १९३३ मध्ये नाशिकच्या तुरुंगात लिहिलेल्या ‘श्यामची आई’ने मराठी मुलांच्या अनेक पिढ्यांना न पाहिलेल्या कोकणातल्या एका गरीब घरात नेले. गोष्ट सांगताना शेवटाच्या अलीकडे थांबून ‘आता हा काय करील, आणि का?’ असे विचारले की ऐकणारी मुले पात्राच्या मनात शिरतात. नाटकात धोका थोडा अधिक असतो: पाड्यावरच्या माणसाची भूमिका करताना मुले बोलीची नक्कल करून हशा मिळवतात. ठाण्यात रत्नाकर मतकरी यांच्या कल्पनेतून उभ्या राहिलेल्या ‘वंचितांचा रंगमंच’ने वस्तीतल्या मुलांनाच त्यांचे प्रश्न घेऊन रंगमंचावर आणले. ज्याची गोष्ट त्याच्याच तोंडून, ही रीत गावच्या स्नेहसंमेलनातही चालू शकते.

दुसऱ्या बाजूने पाहण्याचे काम शहरातल्या मुलांकडेही येते. मुंबईला पाणी देणारे तानसा धरण १८९२ मध्ये पूर्ण झाले. मुंबईच्या पाण्याचा सर्वांत मोठा वाटा आज भातसा धरण पुरवते. दोन्ही शहापूर तालुक्यात आहेत. त्याच तालुक्यातल्या पाड्यांवर उन्हाळ्यात टँकर येतो आणि बाया-मुली हंडे घेऊन लांबच्या विहिरीवर जातात. मुंबईच्या शाळांत पाणी वाचवण्याची चित्रे काढून घेतली जातात. त्यांच्यासोबत एखाद्या पाड्यावरच्या शाळेशी पत्रव्यवहार ठेवला, तर नळ उघडणाऱ्या मुलाला दुसऱ्या टोकाच्या मुलीचा मे महिना तिच्याच शब्दांत कळेल.

रोजच्या वागण्यात संधी येते ती भांडणात आणि चिडवण्यात. कातकरी लोक रानातले उंदीर खातात, त्यावरून त्यांच्या मुलांना चिडवले जाते आणि मोठी माणसे त्याला गंमत म्हणून सोडून देतात. हॉफमन यांच्या अभ्यासानुसार, अशा वेळी नुसते रागावण्यापेक्षा किंवा शिक्षा करण्यापेक्षा, तुझ्या बोलण्याने त्याचे काय झाले हे मुलाला सांगणे अधिक परिणामकारक ठरते. ‘तो आज डबा उघडायला बाहेर गेला, तुमच्यासमोर बसून खाल्ले नाही’ इतके सांगणे पुरते. ते त्याच वेळी, शांतपणे आणि चिडवणाऱ्याला एकट्याला बाजूला घेऊन सांगायचे.

एक बंधन मात्र पाळावे लागते. वर्गाला शिकता यावे म्हणून कोणत्याही मुलाने स्वतःचे हाल उभे राहून सांगावेत, अशी सक्ती करता येत नाही. उचल किती घेतली, बाप दारू पितो का, भट्टीवर कोण आजारी पडले, हे त्या घराचे आहे. मुलीला सांगायचे नसेल तर तिची गोष्ट तिथेच थांबवायची आणि वर्गाने गोष्टीतल्या, नाव नसलेल्या मुलीबद्दल बोलायचे. तिने आपणहून हात वर केला तर तिचे पुरते ऐकून घ्यायचे, आणि शिक्षकाने मध्ये अर्थ सांगायला जायचे नाही.