रशियन चित्रपटातील चरित्र अभिनेता : गिऑर्गी मिल्यार यांची कारकीर्द

चित्रपटाच्या इतिहासात नायक-नायिका आणि दिग्दर्शक यांची दखल सविस्तर घेतली जाते. दुय्यम भूमिका करणाऱ्या नटाच्या वाट्याला बहुधा श्रेयनामावलीतील एक ओळ येते. प्रस्तुत लेखात गिऑर्गी मिल्यार (१९०३-१९९३) या सोव्हिएत नटाच्या आधारे दुय्यम भूमिकेच्या सामर्थ्याचा विचार केला आहे. सोव्हिएत बालसाहित्याच्या मराठी अनुवादांवर वाढलेल्या वाचकाला बाबा यागा ही चेटकीण परिचित आहे. रशियन प्रेक्षकांच्या अनेक पिढ्यांसाठी मात्र तिचा चेहरा मिल्यार यांचा आहे.

मिल्यार यांचा जन्म मॉस्को येथे झाला. वडील फ्रेंच अभियंता होते. ते मिल्यार यांच्या बालपणीच निवर्तले. आई इर्कुत्स्कच्या एका सुवर्णखाण-मालकाची कन्या. क्रांतीनंतर ही सुबत्ता नाहीशी झाली. काळ्या समुद्राकाठच्या गेलेंजिक येथील नाट्यगृहात त्यांनी रंगसाहित्य सांभाळण्याचे काम केले आणि तेथेच ते रंगमंचावर उभे राहिले. पुढे मॉस्कोत शिक्षण घेऊन त्यांनी १९३८ पर्यंत क्रांती नाट्यगृहात नोकरी केली.

त्याच वर्षी दिग्दर्शक अलेक्सांद्र रोऊ यांच्या पहिल्या परीकथापटात त्यांनी गोरोख राजा रंगविला. (गोरोख म्हणजे वाटाणा, राजाची पायरी नावातच कळते.) रोऊ यांच्याशी जुळलेला हा संबंध दिग्दर्शकाच्या मृत्यूपर्यंत टिकला. १९३९ च्या 'सुंदर वासिलिसा' या चित्रपटात त्यांनी बाबा यागासह एकूण तीन भूमिका केल्या. पुरुषाने स्त्रीभूमिका करणे मराठी रंगभूमीला नवे नाही. परंतु आपल्याकडील स्त्रीपार्टी नटाचे लक्ष्य लालित्य असे. मिल्यार यांनी नेमके उलट केले. कुबड, आकडेबाज नाक, चिरका आवाज आणि अनपेक्षित चपळाई यांतून त्यांनी कुरूपतेलाच व्यक्तिमत्त्व दिले.

'अमर काश्चेई' या चित्रपटाचे काम युद्धकाळात, स्थलांतरित चित्रसंस्थेच्या मुक्कामी, आजच्या दुशान्बे येथे झाले. हिवतापाने मिल्यार यांचे शरीर अक्षरशः सापळा बनले होते. तीच कृशता मृत्यूचे रूप असलेल्या काश्चेईच्या उपयोगी पडली. चित्रपट १९४५ मध्ये प्रदर्शित झाला. त्यातील कोवळ्या देशावर चालून येणाऱ्या काळ्या सेनेत प्रेक्षकांना कोणता शत्रू दिसला, हे वेगळे सांगावयास नको.

याउलट १९६४ च्या 'मोरोज्को'मधील बाबा यागा कुरकुरणारी, चिडखोर म्हातारी आहे. भयाची जागा विनोदाने घेतली आहे. छत्तिसाव्या वर्षी रंगभूषेच्या साहाय्याने वार्धक्य उभे करणारा नट आता स्वतःच एकसष्टीला पोहोचला होता. त्यामुळे थकवा आणि हट्टीपणा या दोहोंना आतला आधार मिळाला. चित्रपटाची कथा नास्तेन्का व इव्हान यांची असली, तरी प्रेक्षकाच्या स्मरणात तिची झोपडी प्रथम उभी राहते. चेक प्रदेशात हा चित्रपट नाताळ-नववर्षाच्या दूरदर्शन कार्यक्रमांचा नित्याचा भाग झाला, ही गोष्टही लक्षणीय आहे. १९६१ मध्ये गोगोलच्या कथेवरील चित्रपटातील सैतानाची भूमिकाही याच कोटीतील आहे.

या यशाची किंमत होती. एका साच्यात चपखल बसलेल्या नटाला दुसऱ्या साच्यात कोणी पाहत नाही. परीकथापटांबाहेर मिल्यार यांच्या वाट्याला प्रामुख्याने काही क्षणांच्याच भूमिका आल्या. डिसेंबर १९७३ मध्ये रोऊ निवर्तले, तेव्हा त्यांचा हक्काचा दिग्दर्शकही गेला. आपल्या मते हा दोष केवळ दिग्दर्शकांचा नाही. बालचित्रपटातील अभिनय हा गंभीर अभिनय नव्हे, या समीक्षकांच्या समजुतीचाही त्यात वाटा आहे. रशियन प्रजासत्ताकाचा 'लोककलावंत' हा किताब त्यांना १९८८ मध्ये, म्हणजे बाबा यागा प्रथम साकारल्यानंतर जवळजवळ अर्ध्या शतकाने मिळाला. त्यानंतर पाच वर्षांनी, ४ जून १९९३ रोजी, मॉस्कोत त्यांचे निधन झाले.